ऑस्ट्रेलियाचे मूळचे सस्तन प्राणी आणि त्यांचे संवर्धन : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ऑस्ट्रेलियातील वन्य प्राण्यांविषयी मराठी वाचकांकडून जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. बहुतेक प्रश्न कांगारू आणि कोआला यांच्याविषयी असतात. उत्तरे मात्र बरेचदा बेटाँग (कांगारूच्या नात्यातला सशाएवढा प्राणी), बिल्बी (लांब कानांचा, बिळे खणणारा), क्वोल (अंगावर ठिपके असलेला मांजराएवढा शिकारी) अशा लहान, अपरिचित प्राण्यांकडे वळतात. ते हेतुपूर्वक केले आहे, कारण या खंडाचे खरे नुकसान याच लहान प्राण्यांमध्ये झाले आहे. यांतील बहुतेकांना मराठी नावे नसल्याने स्थानिक नावेच वापरली आहेत.

१. ऑस्ट्रेलियातले सगळे सस्तन प्राणी कांगारूसारखे पोटपिशवीवालेच असतात का?

नाही. तेथे सस्तन प्राण्यांचे तिन्ही मोठे गट आढळतात. पहिला गट अंडी घालणाऱ्यांचा (प्रश्न २), दुसरा पोटपिशवीवाल्या म्हणजेच शिशुधान प्राण्यांचा, आणि तिसरा आपल्यासारख्या, गर्भ वारेच्या आधाराने पोटात पूर्ण वाढवणाऱ्या प्राण्यांचा. तिसऱ्या गटात तेथील वटवाघळे, सील आणि मूळचे उंदीर येतात. उंदीर ऐकून अनेकांचा हिरमोड होतो, पण ते म्हणजे घरात शिरणारे उंदीर नव्हेत. त्यांचे पूर्वज सुमारे ५० लाख वर्षांपूर्वी आशियातून न्यू गिनीमार्गे आले आणि तेथे त्यांच्या साठाहून अधिक जाती निर्माण झाल्या. कोणी काड्यांची मोठमोठी घरटी बांधतो, कोणी वाळवंटात मागच्या पायांवर उड्या मारत फिरतो, तर राकाली नावाचा उंदीर पाणमांजरासारखा नदीत शिकार करतो. ऑस्ट्रेलियातील सस्तन प्राण्यांपैकी सुमारे ८७ टक्के जाती जगात अन्यत्र कोठेही नाहीत.

२. अंडी घालणारा प्राणी सस्तन कसा काय म्हणवतो?

सस्तन असण्याची कसोटी पिल्लाला दूध पाजणे ही आहे, पिल्लाला जन्म देण्याची पद्धत ही नव्हे. प्लॅटिपस आणि एकिडना हे दोन्ही प्राणी दूध पाजतात. मात्र त्यांना स्तनाग्रे नसल्याने दूध पोटाच्या कातडीवरील विशिष्ट भागातून पाझरते आणि पिल्लू ते तेथूनच घेते. प्लॅटिपस बिळात एक ते तीन अंडी घालतो. एकिडनाची मादी आपले एकुलते अंडे पोटावरच्या तात्पुरत्या पिशवीत ठेवते. दिसायला साळिंदरासारख्या आणि आहाराने खवले मांजरासारख्या असणाऱ्या एकिडनाचे या दोघांशीही जवळचे नाते नाही.

प्लॅटिपसचे पहिले शास्त्रीय वर्णन १७९९ साली इंग्लंडमध्ये जॉर्ज शॉ यांनी केले, तेव्हा बदकाची चोच कोणी फसवणुकीसाठी शिवून तर लावली नाही ना, अशी शंका त्यांना आली होती. तो अंडी घालतो हे विज्ञानाने मान्य करण्यास १८८४ साल उजाडले. नदीकाठच्या मूलनिवासी लोकांना ते अर्थातच पूर्वीपासून ठाऊक होते आणि तो शोध लावणाऱ्या विल्यम कॉल्डवेल यांना नमुने मिळाले तेही त्यांच्याच मदतीने. पाण्याखाली प्लॅटिपस डोळे, कान आणि नाकपुड्या बंद करतो आणि भक्ष्याच्या स्नायूंतून निघणारे सूक्ष्म विद्युत संकेत चोचीने टिपतो. नराच्या मागच्या पायावर विषारी काटा असतो.

३. पिल्लू पोटपिशवीतच जन्मते का? तेथे ते नेमके काय करते?

पिल्लू पिशवीत जन्मत नाही. जन्मल्यावर ते पिशवीपर्यंत चढून जाते. तांबड्या कांगारूचा गर्भकाळ केवळ ३३ दिवसांचा असतो. जन्मणारे पिल्लू घेवड्याच्या दाण्याएवढे, एक ग्रॅमहूनही कमी वजनाचे, आंधळे आणि केसहीन असते. मागचे पाय म्हणजे नुसते कोंब, पण पुढचे पाय आणि त्यांवरची नखे मात्र तयार असतात. आईच्या केसांना धरून ते एकेक हात पुढे टाकत वर सरकते आणि काही मिनिटांत पिशवीत शिरते. आई त्याला उचलून ठेवत नाही. आत गेल्यावर ते एक स्तनाग्र तोंडात धरते आणि ते टोक तोंडातच फुगल्याने पिल्लू तेथे घट्ट बसते. जी वाढ आपल्याकडे गर्भाशयात होते, ती येथे दुधावर होते. सुमारे आठ महिन्यांनी पिल्लू पिशवी कायमची सोडते, तरीही डोके आत घालून दूध पिणे सुरूच राहते. अशा वेळी आत दुसरे, नवे पिल्लू असू शकते आणि आई शेजारच्या दोन स्तनाग्रांतून दोन वेगवेगळ्या प्रतीचे दूध देत असते. शिवाय एक गर्भ वाढ थांबवलेल्या अवस्थेत पोटात राखून ठेवलेला असतो. पाऊसपाण्याचा भरवसा नसलेल्या प्रदेशात ही व्यवस्था किती उपयोगाची आहे, हे दुष्काळ पाहिलेल्या कोणालाही पटेल.

सर्वांची पिशवी सारखी नसते. जमीन उकरणाऱ्या वोम्बॅटच्या पिशवीचे तोंड मागे असते, म्हणजे माती आत जात नाही. वाळवी खाणाऱ्या नम्बॅटला तर खरी पिशवीच नसते. पिल्ले आईच्या पोटाला लटकून वाढतात.

४. ‘कांगारू’ शब्दाचा अर्थ ‘मला माहीत नाही’ असा आहे, हे खरे का?

खरे नाही. हा शब्द उत्तर क्वीन्सलँडमधील गुगू यिमिधिर भाषेतील ‘गांगुरू’ या शब्दावरून आला. १७७० साली कॅप्टन कुकचे जहाज दुरुस्तीसाठी तेथे थांबले असता त्याच्या माणसांनी तो टिपून घेतला. त्या भाषेत तो करड्या रंगाच्या एका मोठ्या कांगारूचे नाव आहे. ‘क्वोल’ हा शब्दही त्याच भाषेतला.

५. भारतसुद्धा गोंडवनाचा भाग होता. मग आपल्याकडे कांगारू का नाहीत?

विदर्भातील वाचकांकडून हा प्रश्न विशेष येतो आणि ते स्वाभाविक आहे, कारण या महाखंडाचे नावच मध्य भारतातील गोंडवन प्रदेशावरून पडले आणि चंद्रपूरचा कोळसा ज्या खडकांत मिळतो तेही गोंडवन काळातील खडक आहेत. उत्तर कालक्रमात दडले आहे. भारताचा भूखंड अंटार्क्टिका व ऑस्ट्रेलिया यांच्यापासून सुमारे १३ कोटी वर्षांपूर्वी सुटू लागला. शिशुधान प्राणी दक्षिण अमेरिकेतून, त्या वेळी हिरव्यागार असलेल्या अंटार्क्टिकामार्गे ऑस्ट्रेलियात पोहोचले ते त्यानंतर फार उशिरा. क्वीन्सलँडमधील मर्गन येथील त्यांचे जीवाश्म सुमारे साडेपाच कोटी वर्षांपूर्वीचे आहेत. तोवर भारत समुद्र ओलांडून आशियाच्या दिशेने दूर निघून गेला होता. पुढे ऑस्ट्रेलियाही अंटार्क्टिकापासून वेगळा झाला आणि या प्राण्यांना एक अख्खा खंड कोट्यवधी वर्षे जवळजवळ स्पर्धेविना मिळाला. दक्षिण अमेरिकेत ओपॉसमसारखे शिशुधान प्राणी आजही आहेत, हा त्याच मार्गाचा पुरावा होय.

६. आतापर्यंत किती जाती नामशेष झाल्या? हे प्रमाण इतर देशांपेक्षा खरोखर जास्त आहे का?

होय. १७८८ साली युरोपीय वसाहत सुरू झाल्यापासून ऑस्ट्रेलियाने सस्तन प्राण्यांच्या तीसहून अधिक जाती गमावल्या आहेत. केवळ तेथेच आढळणाऱ्या भूचर सस्तन प्राण्यांचा विचार केला तर हे प्रमाण दहा टक्क्यांच्या वर जाते. एवढ्या काळात सस्तन प्राण्यांच्या इतक्या जाती दुसऱ्या कोणत्याही खंडाने गमावलेल्या नाहीत.

नामशेष होण्याची येथील तऱ्हाही वेगळी आहे. जगात अन्यत्र बहुधा मोठे प्राणी आधी संपतात, कारण माणूस त्यांची शिकार करतो. ऑस्ट्रेलियात मोठे कांगारू टिकले आणि अगदी चिमुकले प्राणीही बऱ्याच प्रमाणात टिकले. संपले ते मधल्या आकाराचे. ॲण्ड्र्यू बर्बिज आणि नॉर्मन मॅकेन्झी या शास्त्रज्ञांनी १९८९ साली दाखवून दिले की ३५ ग्रॅम ते साडेपाच किलो या वजनाच्या प्राण्यांवर सर्वाधिक आघात झाला. डुक्करपायी बँडिकूट (बँडिकूट म्हणजे लांब नाकाचा, जमीन उकरणारा लहान शिशुधान प्राणी), धाकटा बिल्बी, चंद्रकोरी नखशेपट्या वॉलबी (वॉलबी म्हणजे लहान कांगारू) ही त्यांपैकी काही नावे. यांतील अनेक प्राणी वस्तीपासून शेकडो किलोमीटर दूर, जेथे नांगर किंवा कुऱ्हाड कधी पोहोचलीच नाही अशा वाळवंटातून नाहीसे झाले. या वजनाचा संबंध कशाशी आहे, ते पुढील उत्तरात पाहावे.

७. मांजरासारखा घरगुती प्राणी एवढा घातक कसा ठरला?

मांजरे १७८८ साली पहिल्या जहाजांबरोबरच आली आणि शंभर वर्षांत खंडभर पसरली. आज ऑस्ट्रेलियाच्या ९९ टक्क्यांहून अधिक भूभागावर रानटी झालेली मांजरे आहेत. त्यांना पिण्याचे पाणी मिळाले नाही तरी चालते, कारण भक्ष्याच्या शरीरातील ओलावा त्यांना पुरतो. त्यामुळे वाळवंटही त्यांना अडवू शकले नाही. युरोपातील तांबडा खोकड शिकारीच्या शौकासाठी आणला गेला आणि १८७० च्या दशकापर्यंत व्हिक्टोरियात स्थिरावला. (मराठीत अनेक लेखांत याला ‘कोल्हा’ म्हटले जाते, आपला कोल्हा हा निराळा प्राणी आहे.) मांजर आणि खोकड यांना सहज मारता येईल असे भक्ष्य बरोबर वर सांगितलेल्या वजनाचे असते.

तेथील प्राण्यांना भक्षक नवे नव्हते, पण दबा धरून झडप घालणारे मांजर आणि वास काढत माग घेणारा खोकड हे त्यांच्या ओळखीचे नव्हते. भर म्हणून १८५९ साली व्हिक्टोरियात थॉमस ऑस्टिन या जमीनदाराने सुमारे दोन डझन ससे सोडले. सशांनी गवत फस्त केले, बिळे बळकावली आणि मांजर-खोकडांना बारमाही अन्न पुरवून त्यांची संख्या वाढती ठेवली. १९९० च्या दशकाच्या मध्यास सशांवरील विषाणूजन्य रोग पसरल्यावर दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटात काही लहान मूळच्या प्राण्यांचा प्रदेश अनेक पटींनी विस्तारला, यावरून ही साखळी स्पष्ट होते. टास्मानियात खोकड स्थिरावला नाही आणि म्हणूनच मुख्य भूमीवरून गेलेले काही प्राणी तेथे उरले आहेत.

८. मग जंगलतोड, वणवे आणि हवामानबदल यांचा वाटा नाही का?

निश्चित आहे, आणि तो वाढत आहे. झाडांच्या ढोलीत राहणाऱ्या आणि झाडावरून झाडावर तरंगत जाणाऱ्या ग्रेटर ग्लायडर या शिशुधान प्राण्याला हवी असते तशी ढोली तयार होण्यास शंभराहून अधिक वर्षे लागतात. त्यामुळे जुने झाड तोडून नवे लावणे ही त्याच्यासाठी भरपाई ठरत नाही. २०१९–२० च्या वणव्यांनी कांगारू बेटाचा जवळजवळ अर्धा भाग जाळला. नोव्हेंबर २०१८ मध्ये उत्तर क्वीन्सलँडमधील उष्णतेच्या लाटेत चष्मेवाल्या फळवटवाघळांपैकी सुमारे २३,००० दगावली.

हवामानबदलामुळे नामशेष झालेला पहिला सस्तन प्राणी म्हणून ज्याची नोंद झाली, तोही ऑस्ट्रेलियाचाच. टोरेस सामुद्रधुनीतील ब्रॅम्बल के हे जेमतेम चार-पाच हेक्टरांचे, समुद्रापासून फार तर तीन मीटर उंचीचे बेट हेच मेलोमिस नावाच्या एका उंदराचे सारे जग होते. भरतीचे व वादळाचे पाणी वारंवार आत शिरून तेथील वनस्पती नष्ट होत गेल्या. २००९ नंतर तो दिसला नाही, २०१४ च्या शोधात एकही सापडला नाही आणि २०१९ मध्ये तो अधिकृतपणे नामशेष घोषित झाला. त्याला वाचवण्यासाठी लागणारा खर्च आणि श्रम फार मोठे नव्हते. तो वेळेवर दुसऱ्या जागी हलवला गेला नाही, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते.

९. डिंगो मूळचा प्राणी मानावा की परका? तो भारतातून आला, असे ऐकले आहे.

डिंगो हा माणसाबरोबर समुद्रमार्गे आलेला कुत्रा आहे आणि त्याचे ऑस्ट्रेलियातील वास्तव्य तीन हजारांहून अधिक वर्षांचे आहे. टास्मानिया त्याच्या कितीतरी आधी मुख्य भूमीपासून तुटल्यामुळे तेथे तो पोहोचला नाही. २०१३ मधील एका जनुकीय अभ्यासात सुमारे चार हजार वर्षांपूर्वी भारतातून ऑस्ट्रेलियाकडे स्थलांतर झाल्याची शक्यता मांडली गेली आणि डिंगोचाही संबंध त्याच्याशी जोडला गेला; आपल्या वर्तमानपत्रांत ती बातमी गाजली होती. २०१६ मधील पुढच्या अभ्यासात त्या स्थलांतराला आधार मिळाला नाही. डिंगोचा सर्वांत जवळचा नातलग न्यू गिनीचा ‘गाणारा कुत्रा’ हा आहे.

त्याला मूळचा मानायचे की नाही, यावर एकमत नाही. मेंढ्यांच्या रक्षणासाठी सुमारे ५,६०० किलोमीटर लांबीचे कुंपण त्याच्याविरुद्ध उभे आहे, तर काही परिसंस्था-अभ्यासकांच्या मते खोकडावर वचक ठेवणारा तोच एक मोठा भक्षक उरला आहे. तीन हजार वर्षांनी त्याने तेथील निसर्गात जागा मिळवली आहे, असे माझे मत आहे. मात्र लहान कुंपणबंद अभयारण्यांत त्याला प्रवेश नसावा, हेही तितकेच खरे.

१०. कोआला संकटग्रस्त आहे म्हणतात, आणि काही ठिकाणी त्यांची संख्या जास्त झाल्याचीही बातमी येते. खरे काय?

दोन्ही खरे आहे, कारण दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या प्रदेशांतील आहेत. फेब्रुवारी २०२२ मध्ये क्वीन्सलँड, न्यू साऊथ वेल्स आणि राजधानी प्रदेश येथील कोआलांना ‘संकटग्रस्त’ दर्जा देण्यात आला. जंगलतोड, क्लॅमिडिया हा रोग, रस्त्यांवरील वाहने आणि कुत्रे ही तेथील कारणे आहेत. कोआला झाडावर सुरक्षित असतो. एका झाडावरून दुसऱ्या झाडाकडे जाण्यासाठी त्याला जमिनीवर उतरावे लागते आणि रान तुकड्यांत विभागले गेले की हेच अंतर जिवावर बेतते.

दक्षिणेत चित्र उलट आहे. कांगारू बेटावर कोआला मूळचे नव्हते. १९२० च्या दशकात मोजके प्राणी तेथे नेले गेले आणि त्यांची संख्या इतकी वाढली की झाडे ओरबाडली जाऊ लागली. शेवटी १९९० च्या दशकात त्यांची प्रजनन-नियंत्रण मोहीम हाती घ्यावी लागली. शिवाय थोड्या पूर्वजांपासून वाढलेल्या अशा समूहांत जनुकीय विविधता कमी असते. त्यामुळे दक्षिणेतील गर्दी उत्तरेतील घट भरून काढते, असे म्हणता येत नाही. (कोआला हे अस्वल नव्हे, त्याचा जवळचा नातलग वोम्बॅट आहे.)

११. कांगारू हा राष्ट्रचिन्हावरचा प्राणी असूनही त्याला मारण्यास परवानगी कशी?

परवानगी मुख्यतः विपुल संख्येच्या मोजक्या मोठ्या जातींपुरती असते. राज्ये सर्वेक्षण करून दरवर्षी मर्यादा ठरवतात. कुरणे आणि गुरांसाठीचे पाणवठे वाढल्याने या जातींना फायदाच झाला. त्याच कुळातील अनेक लहान वॉलबी मात्र संकटात आहेत आणि त्यांना पूर्ण संरक्षण आहे. या शिकारीच्या नैतिकतेवर, विशेषतः पिशवीतील पिल्लांच्या हालांवर, ऑस्ट्रेलियातही तीव्र मतभेद आहेत आणि ते रास्त आहेत.

१२. कुंपण घालून प्राणी राखणे म्हणजे मोठे प्राणिसंग्रहालयच नव्हे का?

नाही, कारण आत कोणी त्यांना खाऊ घालत नाही. प्राणी स्वतः अन्न शोधतात, बिळे खणतात, पिल्ले वाढवतात. फक्त मांजर आणि खोकड यांना बाहेर ठेवले जाते. दक्षिण ऑस्ट्रेलियात रॉक्सबी डाउन्सजवळ १९९७ साली सुरू झालेले एरिड रिकव्हरी हे १२३ चौरस किलोमीटरचे क्षेत्र याचे चांगले उदाहरण आहे. कुंपण सुमारे १.८ मीटर उंच. खाली जाळीचा पदर जमिनीलगत पसरलेला असतो, म्हणजे उकरून आत येता येत नाही. वरचा भाग मुद्दाम ढिला ठेवून बाहेरच्या बाजूस वाकवलेला असतो; चढत आलेल्या मांजराने तो धरला की तो त्याच्या वजनाने लवतो आणि मांजर मागे पडते. आत मोठा बिल्बी, बुडी नावाचा बेटाँग, बँडिकूट आणि काड्यांची घरटी बांधणारा उंदीर यांना पुन्हा आणण्यात आले. हे प्राणी माती उकरतात, त्या खळग्यांत पालापाचोळा, बी आणि पाणी साठते, आणि जमीनच बदलू लागते.

अडचणी यशातून आल्या. बुडींची संख्या इतकी वाढली की वनस्पतींवर ताण पडला आणि त्यांना बाहेर जाता येईल अशी एकतर्फी दारे बसवावी लागली. दुसरी अडचण अधिक खोल आहे : भक्षक नसलेल्या जागी वाढलेले प्राणी भीती विसरतात (प्रश्न १५). म्हणून तेथे काही भागांत थोडी मांजरे राहू देऊन, प्राणी त्यांना ओळखण्यास शिकतात का, याचे प्रयोगही झाले.

समुद्र हे सर्वांत भक्कम कुंपण. पश्चिम ऑस्ट्रेलियातील सुमारे ६३,००० हेक्टरांच्या डर्क हार्टॉग बेटावरून शेळ्या, मेंढ्या आणि शेवटी मांजरे हटवण्यात आली. २०१८ मध्ये ते मांजरमुक्त घोषित झाले आणि त्यानंतर हेअर-वॉलबी, बँडिकूट असे प्राणी एकेक करून परत नेले जात आहेत.

१३. खोकडांसाठी विष टाकतात, त्याने मूळचे प्राणी मरत नाहीत का?

वापरले जाणारे ‘१०८०’ हे विष म्हणजे सोडियम फ्लुओरोॲसिटेट. याच प्रकारचे विष नैर्ऋत्य ऑस्ट्रेलियातील गॅस्ट्रोलोबियम वर्गाच्या झुडपांत निसर्गतःच असते. ती झुडपे हजारो पिढ्या खात आलेल्या तेथील प्राण्यांत त्याला सहनशक्ती निर्माण झाली आहे. खोकडात ती नाही. म्हणूनच १९९६ पासून पश्चिम ऑस्ट्रेलियात ही पद्धत मोठ्या क्षेत्रावर वापरता आली. देशाच्या पूर्व भागातील प्राण्यांत ही सहनशक्ती कमी असल्याने तेथे मात्रा आणि आमिष ठेवण्याची रीत यांबाबत अधिक काळजी घ्यावी लागते. कुत्र्यांना हे विष अत्यंत घातक आहे. इशारा-फलक असलेल्या भागात पाळीव कुत्रा नेऊ नये.

१४. टास्मानियन डेव्हिलचा कर्करोग संसर्गजन्य आहे, हे कसे शक्य आहे?

टास्मानियन डेव्हिल हा लहान कुत्र्याएवढा मांसाहारी शिशुधान प्राणी आहे. हे प्राणी खाताना आणि मीलनकाळात एकमेकांच्या तोंडाला चावतात. त्या चाव्यातून कर्करोगाच्या जिवंत पेशीच एका प्राण्याकडून दुसऱ्याकडे जातात आणि तेथे वाढतात. हा रोग १९९६ मध्ये ईशान्य टास्मानियात प्रथम दिसला. २०१४ मध्ये त्याच तऱ्हेचा दुसरा, स्वतंत्रपणे उद्‌भवलेला कर्करोग आढळला. गाठींमुळे तोंड उघडेनासे होऊन प्राणी बहुधा उपासमारीने मरतो.

निरोगी डेव्हिल राखून ठेवण्यासाठी २०१२ पासून काही प्राणी मारिया बेटावर सोडण्यात आले. ते तेथे उत्तम रुजले, पण त्या बेटावरील सुमारे तीन हजार जोड्यांची लहान पेंग्विनांची वसाहत त्यांनी संपवली. एका जातीला वाचवताना दुसरीचे घर मोडले. ज्या बेटावर जो प्राणी पूर्वी नव्हता, तेथे तो सोडण्याआधी आधीच्या रहिवाशांचा विचार प्रथम व्हायला हवा.

१५. एक बेडूक क्वोलसारख्या शिकारी प्राण्याला कसा संपवतो?

उसावरील भुंगेरे खाण्यासाठी १९३५ साली क्वीन्सलँडमध्ये आणलेला केन टोड हा भेक विषारी आहे. उत्तरेकडील क्वोल त्याला नेहमीचे भक्ष्य समजून खातो आणि मरतो. २००३ साली काही क्वोल उत्तरेकडील भेकमुक्त बेटांवर नेले गेले आणि तेथे त्यांची संख्या भराभर वाढली. मात्र त्यांचे वंशज पुन्हा मुख्य भूमीवर सोडले तेव्हा ते डिंगोंना बळी पडले. अवघ्या तेरा पिढ्यांत भक्षकाला ओळखण्याची सवय गेली होती. दुसरा उपाय अधिक आशादायक वाटतो : भेकाच्या मांसात मळमळ आणणारे औषध घालून त्याचे तुकडे क्वोलांना खाऊ घालायचे. एकदा पोट बिघडले की ते पुन्हा भेकाच्या वाटेला जात नाहीत. किंबर्ली भागातील राकाली उंदरांनी तर हे कोणी न शिकवता साधले. ते भेकाला उलटे करून छाती फाडतात आणि फक्त हृदय व यकृत खातात.

१६. टास्मानियन वाघ अजून जिवंत असू शकतो का? त्याला परत आणणार आहेत म्हणे.

शेवटचा ज्ञात थायलसिन (टास्मानियन वाघ नावाच्या या मांसाहारी शिशुधान प्राण्याचे हे दुसरे नाव) ७ सप्टेंबर १९३६ रोजी होबार्टच्या प्राणिसंग्रहालयात मरण पावला. त्याला कायद्याचे संरक्षण मिळून तेव्हा फक्त ५९ दिवस झाले होते. त्याआधी, १८८८ ते १९०९ या काळात, सरकारने २,१८४ थायलसिन मारल्याबद्दल बक्षिसे दिली होती. दिसल्याचे दावे नंतरही येत राहिले, परंतु एकही सिद्ध झालेला नाही. मेलबर्न विद्यापीठातील संशोधक डनार्ट या लहान प्राण्याच्या पेशींत बदल करून थायलसिनसदृश प्राणी घडवण्याच्या प्रयत्नात आहेत. त्या संशोधनातून शिशुधान प्राण्यांविषयीचे ज्ञान वाढेल. पण आज जिवंत असलेल्या डनार्टच्या संकटग्रस्त जातींचे संरक्षण त्यासाठी थांबता कामा नये.

१७. नामशेष समजला गेलेला प्राणी पुन्हा सापडल्याची उदाहरणे आहेत का?

आहेत. शतकाहून अधिक काळ संपल्याचे मानलेला गिल्बर्टचा पोटरू (बेटाँगच्या नात्यातला लहान प्राणी) १९९४ मध्ये पश्चिम ऑस्ट्रेलियातील टू पीपल्स बे येथे सापडला. जमिनीखाली वाढणारी अळंबी हाच त्याचा जवळजवळ सगळा आहार. २००५ पासून काही प्राणी जवळच्या बाल्ड बेटावर नेऊन ठेवले, हे फार बरे झाले, कारण २०१५ च्या वणव्यात मूळच्या जागेचा बहुतांश भाग जळून गेला.

डोंगरी पिग्मी पॉसम (पॉसम म्हणजे बहुधा झाडांवर राहणारा शिशुधान प्राणी) तर १९६६ पर्यंत केवळ जीवाश्मांवरून ठाऊक होता. त्या वर्षी तो व्हिक्टोरियातील माउंट हॉथम येथे बर्फावर घसरणाऱ्यांच्या एका झोपडीत जिवंत मिळाला. सुमारे ४५ ग्रॅमचा हा जीव बर्फाखाली शीतनिद्रा घेतो आणि जाग आल्यावर बोगाँग पतंगांवर जगतो. माद्या वरच्या खडकाळ भागात राहतात, नर खाली. दोघांच्या मधून रस्ता गेला तेव्हा १९८० च्या दशकात त्याखालून दगडांनी भरलेला बोगदा बांधला गेला आणि नर त्यातून वर जाऊ लागले.

कधी शोध संग्रहालयातच लागतो. गूल्डचा उंदीर नामशेष समजला जात होता. जुन्या नमुन्यांच्या जनुकीय तपासणीतून तो आणि शार्क बे येथे उरलेला जूंगारी एकच असल्याचे २०२१ मध्ये स्पष्ट झाले.

उलट उदाहरण सांगणे भाग आहे. ख्रिसमस बेटावरील पिपिस्ट्रेल हे चिमुकले वटवाघूळ झपाट्याने कमी होत असल्याचा इशारा शास्त्रज्ञ देत होते. पकडून पैदास करण्याची परवानगी मिळून पथक ऑगस्ट २००९ मध्ये पोहोचले तेव्हा ध्वनिमापकावर एकाच वटवाघळाची साद उमटत होती. ते जाळ्यात आले नाही. २६ ऑगस्टच्या रात्रीनंतर ती सादही पुन्हा नोंदली गेली नाही.

१८. संकटग्रस्त यादीतून नाव वगळले, म्हणजे तो प्राणी सुरक्षित झाला ना?

तसे गृहीत धरू नये. खोकडनियंत्रणामुळे सावरलेल्या वॉयली या बेटाँगचे नाव १९९६ मध्ये यादीतून काढले गेले. ते यश साजरे करण्याजोगेच होते. त्यानंतरच्या दहा वर्षांत मात्र त्याची संख्या सुमारे ९० टक्क्यांनी कोसळली आणि नाव पुन्हा यादीत घालावे लागले. गणना थांबली असती तर हे कळलेही नसते.

१९. मूलनिवासी लोकांचा या कामात वाटा काय?

फार मोठा, आणि तो प्रतीकात्मक नाही. वाळवंटातील लोक पूर्वी लहान लहान तुकड्यांत आग लावत. त्यामुळे कोठे कोवळे गवत, कोठे जुने झुडूप अशी सरमिसळ राही आणि मोठा वणवा पेट घेत नसे. लोकांना तेथून हलवल्यावर ही पद्धत मोडली आणि प्राण्यांचा आसरा एकाच भडक्यात जाऊ लागला. आज किवीरकुरासारख्या भागांत मूलनिवासी वनरक्षक पुन्हा तशी आग लावतात आणि वाळूतील पाऊलखुणांवरून बिल्बीचा व मांजराचा माग काढतात. मूलनिवासींनी स्वतः जाहीर केलेले पहिले संरक्षित क्षेत्र १९९८ साली नांतावारिना येथे झाले.

२०. आमच्या घराच्या छपरात पॉसम शिरला आहे. त्याला पकडून दूर जंगलात सोडू का?

सोडू नका. ऑस्ट्रेलियात पॉसम संरक्षित आहे. व्हिक्टोरियात पकडलेला पॉसम त्याच आवारात, ५० मीटरच्या आत सोडण्याचा नियम आहे. इतर राज्यांचे नियम वेगळे असल्याने आधी चौकशी करावी. अनोळखी जागी सोडलेला पॉसम बहुधा जगत नाही, कारण तेथील ढोल्या इतरांनी व्यापलेल्या असतात. बागेतल्या झाडावर लाकडी पेटी टांगावी आणि रात्री तो बाहेर पडल्यावर छपरातील फट बुजवावी. आत पिल्लू राहिलेले नाही, याची खात्री मात्र आधी करावी. न्यूझीलंडमधील नातेवाइकांकडून उलटा सल्ला मिळेल, कारण तेथे हाच पॉसम बाहेरून आणलेला आणि पक्ष्यांना उपद्रवी ठरलेला प्राणी आहे.

२१. रस्त्यावर गाडीची धडक बसून मेलेला कांगारू किंवा वोम्बॅट दिसला तर थांबावे का?

जागा सुरक्षित असेल तर अवश्य थांबावे. मादी असेल तर पिशवीत पिल्लू जिवंत असू शकते. वोम्बॅटच्या पिशवीचे तोंड मागे असते, हे लक्षात ठेवावे (प्रश्न ३). पिल्लू स्तनाग्राला चिकटलेले असेल तर ते ओढू नये. तसे केल्याने त्याच्या तोंडाला इजा होते. त्या राज्याच्या वन्यजीव बचाव सेवेला लगेच फोन करावा आणि त्या सांगतील तसे करावे. पिल्लू सुटे मिळाले तर मऊ सुती कापडात गुंडाळून, उबेला, अंधारात आणि शांत ठेवावे. गायीचे दूध पाजू नये, गाडीतील गाणी बंद करावीत आणि मुलांना हाताळू देऊ नये. मेलेला प्राणी शक्य असल्यास रस्त्यापासून बाजूला ओढून ठेवावा, म्हणजे त्याला खायला येणारे गरुड किंवा डेव्हिल पुढच्या गाडीखाली येणार नाहीत. तपासून झालेल्या प्राण्यावर बचाव कार्यकर्ते रंगाची खूण करतात; ती दिसली तर पुन्हा थांबण्याची गरज नसते.